जंगल, ताशी पंचवीसच्या आत

बॅटरीवाल्या सायकलवर बसून जंगलात जाणं म्हणजे लबाडी, असं मानणारा एक वर्ग असतो. आमच्या हापिसातही आहे. शनिवारी ग्रॅव्हल बाईकवर ऐंशी किलोमीटर मारून यायचं, सोमवारी कॉफी मशीनपाशी उभं राहून त्याचा नकाशा सगळ्यांना दाखवायचा, आणि कुणी "आम्ही ई-बाईकची गाइडेड टूर घेतली" म्हटलं की ओठ किंचित वाकडे करायचे. मंडळी वाईट नाहीत (त्यातला एक जण माझा कोड तपासतो, तेव्हा जपून लिहिलेलं बरं :) ). पण त्यांचं म्हणणं मला पटत नाही. बर्लिनला राहायला आल्यापासून ग्रुनेवाल्डमध्ये मी साध्या सायकलने, ग्रॅव्हलने आणि ई-बाईकच्या टूरबरोबर असा तिन्ही प्रकारे फिरलोय. माझं मत असं झालंय की मोटरवर भांडण्यात काही अर्थ नाही. भांडायचंच असेल तर टूर कुठे थांबते आणि कुठे थांबत नाही, यावर भांडावं.

ज्यांनी ग्रुनेवाल्ड पाहिलेलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. बर्लिनच्या पश्चिमेला, हाफेल नदीच्या काठाने पसरलेलं हे सुमारे तीन हजार हेक्टरचं जंगल. शहराच्या मध्यातून लोकल पकडली की वीसेक मिनिटांत दारात. पाइन, ओक, बर्च, मधूनमधून तळ्यांची माळ, आणि संध्याकाळी निवांत रस्ता ओलांडणारी रानडुकरं. पायाखाली मात्र सगळी वाळू, हिमयुगात बर्फाने आणून टाकलेली. जुन्या काळी ब्रांडेनबुर्ग प्रांताला चेष्टेने 'साम्राज्याची वाळूची डबी' म्हणत. कागदावरची ओली शाई सुकवायला वाळू भुरभुरवायची जी डबी असे, ती.

ग्रॅव्हल बाईक म्हणजे दिसायला रेसरसारखी, वाकड्या हँडलची, पण टायर चांगले चाळीसेक मिलिमीटर रुंद. खडी, मुरूम, दाबलेली माती यावर ती मस्त पळते. कोरड्या वाळूवर मात्र पळत नाही. जुलै-ऑगस्टमध्ये पुढचं चाक असं रुततं की ऐंशी किलोमीटरवाले वीरही उतरून सायकल ढकलताना दिसतात. ई-बाईक तर पंचवीस किलोच्या आसपास, म्हणजे ढकलायची वेळ आली तर विचारूच नका.

आता कायदा, कारण लबाडीचा आरोप शेवटी तिथेच येऊन ठेपतो. इथल्या कायद्यानुसार २५० वॅटपर्यंतची मोटर असेल, पेडल मारलं तरच ती मदत करत असेल आणि ताशी २५ किलोमीटरला ती मदत बंद होत असेल, तर ती गाडी म्हणजे सायकल. लायसन्स नाही, नंबरप्लेट नाही. ताशी ४५ पर्यंत जाणारा प्रकार वेगळा, तो मोटरवाहनात मोडतो आणि जंगलातल्या वाटांवर त्याला मज्जाव आहे. दुसरीकडे १९७५ चा संघीय वनकायदा सांगतो की विरंगुळ्यासाठी जंगलात कुणीही जावं, सायकल मात्र रस्त्यांवर आणि वाटांवरच चालवावी, आणि जे काही होईल ते स्वतःच्या जबाबदारीवर. काही राज्यं याहून कडक आहेत. बाडेन-व्युर्टेम्बर्गमध्ये दोन मीटरपेक्षा अरुंद वाटेवर सायकलला परवानगीच नाही. गंमत बघा, या सगळ्यात तुम्ही किती घाम गाळलात हे कुणीच विचारत नाही. वेग किती आणि वाट कुठली, एवढंच विचारतात. मला हे शहाणपणाचं वाटतं. तरणाबांड माणूस साध्या ग्रॅव्हलवरून उतारावर चाळीसने येतो. माझे बाबा ई-बाईकवर चौदाच्या वर जात नाहीत. वाटेवरच्या आजीबाईंना यातला कोण धोक्याचा?

बाबांचं निघालंच आहे तर सांगतो. दोन वर्षांपूर्वी आई-बाबा तीन महिने आले होते. बाबांनी सांगलीत तीस वर्षं सायकलवर नोकरी केली. स्कूटर घेतली ती फक्त लग्नकार्याला जायला. आता डावा गुडघा गेलाय. सपाटीवर एक किलोमीटर चालले की बाकडं शोधतात. म्हणजे त्यांच्यासाठी ग्रुनेवाल्ड म्हणजे स्टेशनपासून पहिल्या बाकड्यापर्यंत. तेव्हा एका रविवारी ई-बाईकची टूर घेतली. हाफेलच्या काठाने ग्रुनेवाल्ड टॉवरकडे जाणारा चढ आहे (टॉवर १८९९ चा, लाल विटांचा, पंचावन्न मीटर उंच), त्या चढावर बाबा शिट्टी वाजवत गेले. वर पोचल्यावर म्हणाले, "अरे, पाठीवर हात ठेवून कुणीतरी ढकलतंय असं वाटतं की रे." आईला हेल्मेट कसं दिसतं याचीच काळजी होती, पण तीही शेवटपर्यंत आली.

ज्यांना हे लबाडी वाटतं त्यांनी एकदा अडुसष्ट वर्षांच्या माणसाला, इतक्या वर्षांनी परत आपल्या पायाने पेडल मारत झाडांच्या मधून जाताना बघावं. बाकी काही बोलायचं नाही मला.

पण टूरवर माझा राग आहेच. जाहिरातीत ठळक अक्षरांत 'तीन तास, पस्तीस किलोमीटर'. आता पस्तीस किलोमीटर कापायचे म्हटल्यावर थांबणार कधी? टॉवरपाशी फोटो, टॉयफेल्सबेर्गच्या पायथ्याशी फोटो, मग बिअर गार्डन. गाइड चांगला मुलगा होता, हसतमुख, पंक्चर चार मिनिटांत काढलं. बाबांनी एका ठिकाणी त्याला विचारलं (म्हणजे मला विचारलं, मी भाषांतर केलं), "ही सगळी झाडं एकाच उंचीची कशी काय?" त्याने मागे वळून पाहिलं, पुढचे चौघे वळणावर दिसेनासे होत होते, तो "चांगला प्रश्न आहे" म्हणाला आणि निघाला.

खरंच चांगला प्रश्न होता, कारण त्याच्या उत्तरात अख्खं ग्रुनेवाल्ड आहे. दुसरं महायुद्ध संपल्यावर बर्लिनकर थंडीत गारठत होते, कोळसा नव्हता. १९४५ नंतरच्या हिवाळ्यांत, आणि मग १९४८-४९ च्या नाकेबंदीत, शहरातली आणि आसपासची झाडं जळणासाठी पडली. ग्रुनेवाल्डचे मोठे पट्टे उघडे झाले. नंतर पुन्हा लागवड केली ती ओळीने, बरीचशी पाइनची. एकाच वयाची, म्हणून एकाच उंचीची. आता वनखातं हळूहळू त्यात ओक आणि बीच वाढवतंय, म्हणून मोठ्या पाइनच्या खाली कुठेकुठे कोवळ्या पानांची गर्दी दिसते. हे सांगायला दोन मिनिटं लागतात हो. सायकलवरून उतरायचं, एका ओळीकडे बोट दाखवायचं, झालं.

त्याच्याही मागे जायचं तर हे जंगल आज आहे हीच एक नवलाची गोष्ट. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला बर्लिन झपाट्याने वाढत होतं, आणि जंगल होतं प्रशियन सरकारच्या मालकीचं. सरकारला पैसे दिसत होते. १८८९ च्या सुमारास जंगलाचा पूर्वेकडचा तुकडा श्रीमंतांच्या बंगल्यांसाठी विकला गेला. लाकडाच्या लिलावावर एक गाणंही लोकप्रिय झालं, आणि ते आजही लोकांना येतं. मग लोक चिडले. १९०४ मध्ये दोन वर्तमानपत्रांनी मिळून तीस हजार सह्या गोळा केल्या. शेवटी १९१५ मध्ये, ऐन पहिल्या महायुद्धात, बृहद्बर्लिनच्या संघाने ग्रुनेवाल्डसकट सुमारे दहा हजार हेक्टर जंगल पाच कोटी गोल्डमार्क मोजून सरकारकडून विकत घेतलं. अट अशी की हे कायम जंगलच राहील, विकायचं नाही, बांधायचं नाही. त्या कराराचं नावच 'कायमच्या जंगलाचा करार' असं आहे.

म्हणजे ज्या वाटेवर आपण चाक फिरवतो ती लोकांनी ओरडून आणि पैसे मोजून राखलेली आहे. हे ज्याला कळलं तो पुढच्या वेळी कुणी रस्ता नाहीतर इमारत घुसवायला निघाला की निदान वर्तमानपत्रातली बातमी पूर्ण वाचेल. ज्याला फक्त पस्तीस किलोमीटर आठवतात तो कशाला वाचेल? मला गाइडेड टूरचा सगळा उपयोग यातच दिसतो. वाट तर फोनही दाखवतो.

टॉयफेल्सबेर्गचंही तेच. 'सैतानाचा डोंगर', उंची एकशेवीस मीटर, वर अमेरिकन आणि ब्रिटिशांच्या जुन्या हेरगिरी केंद्राचे फाटके पांढरे घुमट. फोटो घुमटांचे काढतात. पण डोंगर आहे कशाचा? बॉम्बहल्ल्यात पडलेल्या बर्लिनच्या घरांच्या मलब्याचा, सुमारे दोन कोटी साठ लाख घनमीटर. १९५० पासून १९७२ पर्यंत ट्रकच्या ट्रक येत राहिले. आणि त्याच्या पोटात नाझी काळातलं एक अर्धवट लष्करी कॉलेज गाडलेलं आहे. पावसानंतर त्या उतारांवर विटेचे, कौलाचे तुकडे वर येतात. ग्रॅव्हलवाल्यांना खडी हवी असते ना, ती तिथे कुणाच्या तरी स्वयंपाकघराची भिंत असते.

आणि स्टेशन. बऱ्याच टूर ग्रुनेवाल्ड स्टेशनवर जमतात, कारण लोकल तिथे येते. त्याच स्टेशनच्या सतरा क्रमांकाच्या फलाटावरून १८ ऑक्टोबर १९४१ ला हजाराहून जास्त बर्लिनकर ज्यूंना घेऊन पहिली गाडी लोड्झला गेली. आता तिथे फलाटाच्या कडेने १८६ लोखंडी पट्ट्या आहेत: तारीख, माणसं किती, कुठून, कुठे. आमच्या टूरने तिथून दीडशे पावलांवर हेल्मेटं वाटली आणि त्याबद्दल अवाक्षर काढलं नाही. रविवारच्या सकाळी लोकांचा मूड जाईल, हे मला समजतं. तरी नाही पटलं.

मी गाइड असतो तर मराठी गटासाठी अजून एक थांबा घेतला असता, जंगलाच्या कडेला दालेममध्ये. तिथे इहनेस्ट्रासवर कैसर विल्हेल्म मानववंशशास्त्र संस्थेची इमारत आहे. आता विद्यापीठाकडे आहे. इरावती कर्वे १९२८ मध्ये इथे पीएचडीला आल्या. वंशश्रेष्ठत्वाच्या कल्पनांनी भारलेली ती संस्था, पुढे नाझींच्या फारच उपयोगी पडलेली. कवट्यांच्या असमानतेचा वंशाशी संबंध आहे असं गृहीतक, आणि बाईंनी मोजमापं करून निष्कर्ष काढला की तसा संबंध दिसत नाही. बाबांना नंतर मी एकटाच घेऊन गेलो तिथे. ते पाच मिनिटं नुसते पाटीकडे बघत उभे होते.

असो. विरोधकांचंही थोडं ऐकायला हवं. पंधरा-पंधरा जणांचे ई-बाईकचे तांडे मलाही नकोत. ग्रुनेवाल्डच्या तळ्याकाठी कुत्री मोकळी फिरतात, पोरं अचानक आडवी येतात, तिथे सायकलची रांग घुसवणं हा माजच आहे. सहा-आठ माणसं, रुंद वाटा, चालणाऱ्यांच्या पाऊलवाटांकडे वळायचंही नाही. आणि उन्हाळ्यात वनखात्याने 'जाऊ नका' म्हटलं की जायचं नाही. ऑगस्ट २०२२ मध्ये इथल्या पोलिसांच्या स्फोटकांच्या जागेत आग लागली, आत जुने बॉम्ब फुटत होते, शेजारचा महामार्ग आणि रेल्वे बंद ठेवावी लागली. कोरड्या पाइनच्या जंगलात काय होऊ शकतं ते तेव्हा शहराने पाहिलं.

पुण्याचे मित्र विचारतात, आपल्याकडे वेताळ टेकडीवर असं का नको? नकोच. टेकडीवरच्या वाटा अरुंद आहेत, पहाटेपासून चालणाऱ्यांच्या आहेत, तिथे मोटर सोडा, सायकलचा गटही जड जाईल. एप्रिल २०२३ मध्ये टेकडी वाचवायला जे लोक मोर्च्यात उतरले ते तिथे रोज पायीच जाणारे होते. बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानातला कान्हेरीचा रस्ता मात्र वेगळा. डांबरी, रुंद, चढाचा, आणि फाटकापाशी भाड्याची सायकल मिळतेच. तिथे चार ई-बाईक आणि बोलणारा एक माणूस ठेवला तर किती गुडघेवाले आई-बाबा लेण्यांपर्यंत पोचतील, विचार करा.

बर्लिनला येणार असाल तर मे महिना किंवा सप्टेंबर धरा. टूर बुक करताना किलोमीटर विचारू नका. किती वेळा उतरवता आणि कुठे, ते विचारा. उत्तर द्यायला समोरचा अडखळला तर नुसती सायकल भाड्याने घ्या, सतरा नंबरच्या फलाटापासून सुरुवात करा, आणि वाळू कोरडी असेल तर टायरमधली हवा थोडी कमी करून निघा.