कोको दुसऱ्याचा, कमाई स्वित्झर्लंडची



स्वित्झर्लंडच्या डोंगरात ना कोको पिकतो, ना कॉफी. तरी हा चिमुकला देश जगाला चॉकलेट आणि कॉफी विकतो. १८७५ साली वेवे गावी दानियल पीटरने कोकोत दूध मिसळून चॉकलेट केले. पक्का माल त्यांचा, म्हणून कमाईही त्यांची. कोको पिकवणारा घानाचा शेतकरी गरीबच राहिला.

आमच्या गोंदियात काय वेगळे? धान आणि मोहफूल आम्ही कच्चेच विकतो. तुमची कपाशी, ज्वारीही तशीच जाते. मोहफुलाच्या साठवणुकीवरची, वाहतुकीवरची बंधने २०२१ साली सैल झाली. पण त्याची दारू घरी गाळली की गुन्हा. ज्वारीची दारू गाळणाऱ्या कारखान्यांना मात्र सरकारने २००७ साली लिटरमागे १० रुपये अनुदान देऊ केले. ज्वारी पिकवणाऱ्याच्या पदरात काय पडले?

दारूचे गोडवे आम्ही गात नाही. तिने मोडलेली घरे गावोगाव आहेत. सवाल न्यायाचा आहे. कारखानदाराला मुभा आणि पिकवणाऱ्याला बेडी का? आम्हाला अनुदान नको. आमच्या मालाचा पक्का माल करण्याची मोकळीक द्या, बाकीचे आमचे आम्ही पाहू.