सई परांजपे आणि छोटा पडदा

दिग्दर्शिका सई परांजपे यांचा विषय निघाला की ‘स्पर्श’, ‘चश्मेबद्दूर’ आणि ‘कथा’ या चित्रपटांची नावे घेतली जातात आणि बोलणे तिथेच थांबते. पुणे आकाशवाणी, राष्ट्रीय नाट्य विद्यालय, दिल्ली दूरदर्शन, बालचित्रपट, ‘जास्वंदी’ आणि ‘सख्खे शेजारी’सारखी नाटके हे सारे ‘याशिवाय’ या शब्दामागे ढकलले जाते. हा त्यांच्यावर अन्याय आहे, आणि दूरदर्शनवरही.

‘स्पर्श’ आधी ‘रैना बीती जाए’ या नावाने छोट्या पडद्यासाठी झाला होता. ‘चश्मेबद्दूर’च्या मागेही ‘धुआँ धुआँ’ ही टेलिफिल्म होती. मोजका पैसा, दोन-तीन खोल्या, थोडी माणसे या दूरदर्शनच्या मर्यादांतच सईंची नजर घडली. ‘स्पर्श’मधला कॉफीचा प्रसंग आठवा. अंध मुख्याध्यापक अनिरुद्ध पाहुणी आलेल्या कविताला स्वतः कॉफी देऊ पाहतो, ती मदतीला पुढे होते आणि तो दुखावतो. दया आणि सोबत यांतले अंतर एका कपाभोवती उभे राहते. ‘चश्मेबद्दूर’मध्ये तर प्रेमाची सुरुवात कपडे धुण्याच्या पावडरीच्या प्रात्यक्षिकाने होते. सईंच्या चित्रपटांना ‘हलकेफुलके’ म्हणणाऱ्यांनी हे प्रसंग पुन्हा पाहावेत. एवढी नेमकी पटकथा लिहिणे फार अवघड असते. ‘स्पर्श’च्या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला तो उगाच नव्हे.

चित्रपटांनी नाव मिळवून दिल्यावरही त्यांनी टीव्ही सोडला नाही. ‘कथा’नंतर ‘अडोस पडोस’ ही मालिका आली.

‘चश्मेबद्दूर’ 2013 साली नव्याने दुरुस्त होऊन चित्रपटगृहांत परतला. सईंच्या दूरदर्शनवरील कामाच्या वाट्याला मात्र तेवढी आस्था आलेली नाही. दूरदर्शन चालवणाऱ्या प्रसार भारतीने आपल्या साठ्यातल्या सईंच्या टेलिफिल्म आणि मालिका शोधून, त्यांची यादी जाहीर करून त्या प्रेक्षकांसाठी खुल्या कराव्यात. नव्वदीकडे झुकलेल्या दिग्दर्शिकेच्या हयातीतच हे व्हायला हवे. कोणत्या चित्रफितीत काय आहे हे सांगायला आज त्या स्वतः आहेत.