आयकॉन पुसलं म्हणजे गेम गेला?



नागपूरचा मे महिना ज्यांनी काढला आहे त्यांना वेगळं सांगायला नको. सकाळी दहानंतर रस्त्यावर चिटपाखरू दिसत नाही. पारा 45 च्या आसपास. आपल्या विदर्भातल्या शाळाही उन्हामुळे जूनच्या शेवटीच उघडतात. म्हणजे जवळजवळ दोन महिने मुलं कूलरच्या खोलीत, आणि त्याच खोलीत संगणक. मुलं खेळणार नाहीत तर काय करतील? म्हणून मी मुलांना दोष देत नाही, हे आधीच सांगून टाकते.

आमच्याकडचा संगणक सेकंडहँड आहे. 2020 मध्ये शाळा ऑनलाइन झाल्या तेव्हा घेतला. मुलाचा अभ्यास आणि माझी शाळेची ऑनलाइन माहिती भरण्याची कामं, एवढ्यासाठीच. गेल्याच्या गेल्या उन्हाळ्यात माझ्या नणंदेचा मुलगा अमरावतीहून राहायला आला. येताना पेनड्राइव्ह घेऊन आला. दहा मिनिटांत त्याने एक गेम टाकला, नाव जीटीए व्हाइस सिटी. 2002 चा गेम. संगणकावर 2003 मध्ये आला. तेव्हापासून नेट कॅफेतून, सीडीवरून, पेनड्राइव्हवरून आपल्याकडची किती पोट्टी यावर मोठी झाली, त्याचा हिशोब नाही. जागा लागते जेमतेम एक जीबी, त्यामुळे जुन्यातल्या जुन्या संगणकावरही चालतो. त्या गेमवर 17 वर्षांवरील मुलांसाठी असा शिक्का आहे. माझा मुलगा तेव्हा पाचवीत जाणार होता.

मला आधी काही वाटलं नाही. गाडी चालवायचा गेम आहे, असं भाच्याने सांगितलं होतं. खोटं नव्हतं ते. फक्त गाडी दुसऱ्याला ओढून बाहेर काढून मग चालवायची, एवढं सांगायचं राहिलं.

जुलैमध्ये एकदा मेडिकल चौकात सिग्नलला थांबलो होतो. स्कूटीवर मागे मुलगा. समोर वाहतूक पोलीस उभा. हा मला हळूच विचारतो, "आई, याला धक्का लागला तर एक स्टार लागेल का दोन?" घरी आल्यावर त्याच्याकडूनच कळलं की पोलीस मागे लागले की गेममध्ये वर कोपऱ्यात स्टार दिसतात, सहापर्यंत जातात. त्या रात्री ठरवलं, गेम काढायचा.

आणि काढला! आयकॉनवर राइट क्लिक, डिलीट. झालं. मी एमएस-सीआयटी पास आहे, तरी हे असं केलं. हसू नका, तुमच्यातल्या अर्ध्याअधिक जणांनी हेच केलं असतं. डेस्कटॉपवरच्या चित्राच्या कोपऱ्यात छोटा बाण असेल तर तो गेम नसतोच, गेमकडे जाणारा रस्ता असतो. एक-दोन केबीची फाइल. घराच्या दारावरची पाटी काढली म्हणून घरातली माणसं थोडीच जातात! दोन दिवसांनी मुलगा पुन्हा खेळताना सापडला. त्याने डी ड्राइव्हमध्ये जाऊन सरळ मूळ फाइलवर क्लिक केलं होतं.

मग मी रीतसर मार्गाने गेले. कंट्रोल पॅनेल, प्रोग्रॅम्स अँड फीचर्स. यादी वरपासून खालपर्यंत दोनदा वाचली, गेमचं नावच नाही. इथे आपल्याकडचे बहुतेक पालक अडकतात. या यादीत फक्त तेच प्रोग्रॅम दिसतात जे इन्स्टॉल करताना विंडोजकडे स्वतःची नोंद करतात. पेनड्राइव्हवरून नुसतं फोल्डर उचलून टाकलेला गेम कुठे नोंद करत नाही. पाहुणा मागच्या दाराने आला, हजेरीपटावर सही कुठून सापडणार?

बर्डीवरच्या एका दुरुस्तीवाल्याला फोन केला. तो म्हणाला, "मॅडम, फॉरमॅट मारून देतो, सगळं साफ." एका गेमसाठी सगळा संगणक पुसायचा? त्यात माझ्या चार वर्षांच्या प्रश्नपत्रिका आणि निकालपत्रकं आहेत. मी नाही म्हटलं. फॉरमॅट हा उपाय खरंच शेवटचा असतो, पण आपल्याकडे तो पहिला सांगतात.

शेवटी मीच डी ड्राइव्हवरचं ते फोल्डर शोधलं आणि मुलगा ट्यूशनला गेला असताना उडवलं. रिसायकल बिनसुद्धा रिकामी केली. मुलगा आला, संगणक लावला, दोन मिनिटं नुसता बसून राहिला. मग म्हणाला, "मी मालिबू क्लब घेतला होता." गेममध्ये तो क्लब 1 लाख 20 हजार डॉलरला मिळतो. दीड महिना पैसे जमवत होता पोरगा. मी म्हटलं, खोटे पैसे होते ते. तो दोन दिवस माझ्याशी बोलला नाही. मला वाटलं, ओरडा नाही, रडारड नाही, प्रश्न मिटला.

दिवाळीत भाचा पुन्हा आला. पेनड्राइव्ह पुन्हा आला. आणि आता गंमत बघा. गेम नव्याने टाकला, तर पहिल्यापासून सुरू व्हायला हवा ना? नाही झाला. तोच मालिबू क्लब, तेच पैसे, जिथे जुलैत थांबला होता तिथूनच पुढे. मला वाटलं, भाच्याने काही जादू केली. जादू नव्हती. हा गेम स्वतः एका ठिकाणी राहतो आणि खेळणाऱ्याची प्रगती दुसऱ्या ठिकाणी ठेवतो. डॉक्युमेंट्समध्ये 'जीटीए व्हाइस सिटी युजर फाइल्स' नावाचं फोल्डर आपोआप तयार होतं. त्यात आठ जागा असतात, प्रत्येक फाइल साधारण 200 केबीची. मी एक जीबी उडवला होता, पण मुलाला जे परत बोलवत होतं ते त्या 200 केबीमध्ये शांत बसून होतं. आणि ते ज्या फोल्डरमध्ये होतं, त्यातच माझ्या प्रश्नपत्रिका होत्या. रोज डोळ्यासमोर, पण मी कधी उघडलं नाही.

तेव्हा मला पबजीची आठवण झाली. 2 सप्टेंबर 2020 ला केंद्र सरकारने 118 अ‍ॅपवर बंदी घातली, त्यात पबजी मोबाईल होता. स्टोअरवरून तो गेला, पण ज्यांच्या फोनमध्ये आधीपासून होता त्यांच्याकडे चालतच राहिला. 30 ऑक्टोबर 2020 ला भारतातली सेवा बंद केली तेव्हा कुठे थांबला. पुढे 2 जुलै 2021 ला बीजीएमआय नावाने भारतासाठीचा गेम आला, आणि जुन्या खात्यातलं सामान नव्यात नेण्याची सोयही मिळाली! म्हणजे सरकारने जे देशभर केलं आणि मी जे डी ड्राइव्हवर केलं, त्यात फार फरक नव्हता. वस्तू गेली, खातं राहिलं.

इन्स्टॉल करून टाकलेल्या गेमचं मात्र उलटं असतं, तिथे फोल्डर आधी उडवायचं नाही. विंडोज 11 मध्ये सेटिंग्ज, अ‍ॅप्स, इन्स्टॉल्ड अ‍ॅप्स. विंडोज 10 मध्ये अ‍ॅप्स अँड फीचर्स. तिथे नाव शोधून अनइन्स्टॉल दाबायचं. फोल्डर आधी पुसलं तर बऱ्याचदा काढण्याची सोयही त्याच फोल्डरमधून जाते, आणि यादीत नुसतं नाव लोंबकळत राहतं. दाबलं की चूक दाखवतं. अनइन्स्टॉल झाल्यावर संगणक एकदा बंद करून चालू करा, मग उरलेलं बघा: डॉक्युमेंट्स, त्यातलं 'माय गेम्स', युजरच्या नावाच्या फोल्डरमधलं 'सेव्ह्ड गेम्स', आणि लपलेलं 'अ‍ॅपडेटा'. विंडोजचं बटण आणि आर एकत्र दाबून आधी टक्केवारीचं चिन्ह, मग अ‍ॅपडेटा, पुन्हा टक्केवारीचं चिन्ह असं इंग्रजीत टाइप केलं की ते उघडतं. त्यात फक्त त्या गेमच्या नावाचं फोल्डर काढा. बाकी कशाला हात लावू नका. रजिस्ट्रीच्या वाटेला तर जाऊच नका. दोन-चार नोंदी तिथे उरल्या म्हणून काही बिघडत नाही, चुकीची नोंद पुसली तर मात्र विंडोजच उठायचं नाही. 'गेम मुळापासून काढून देतो' म्हणणारी फुकट सॉफ्टवेअर असतात, त्यांचाही मोह नको. एक पाहुणा घालवायला दुसरा घरात घ्यायचा, एवढंच होतं.

मोठ्या मुलांचे ऑनलाइन गेम असतील तर आणखी दोन गोष्टी. एक, गेमबरोबर दुसरेही प्रोग्रॅम येतात. व्हॅलोरंट काढला तरी व्हॅनगार्ड नावाचा त्याचा राखणदार वेगळा काढावा लागतो, तो संगणक सुरू होतानाच कामाला लागतो. दोन, स्टीमसारख्या दुकानातून घेतलेला गेम अनइन्स्टॉल केला तरी खात्याच्या यादीत तसाच राहतो. एक क्लिक आणि परत. तिथे संगणकावरून काढणं आणि खात्यातून काढणं ही दोन वेगळी कामं आहेत.

आता माझं मत. हे सगळं मी शिकले, पण यातलं काहीही पुरेसं नव्हतं, कारण मी ते मुलाच्या पाठीमागे करत होते. आयकॉन पुसलं, त्याने रस्ता शोधला. फोल्डर उडवलं, दादाने परत दिलं. घरातल्या संगणकावर आई आणि मुलगा असा चोर-पोलिसांचा खेळ सुरू झाला, आणि त्या खेळात मुलगा माझ्यापेक्षा हुशार होता. गेम चोरून काढणं आणि गेम चोरून खेळणं यात मुलाला फरक दिसत नाही. त्याच्या जागी मी असते तर मलाही दिसला नसता.

म्हणून दिवाळी संपल्यावर, भाचा गेल्यावर, मी मुलाला शेजारी बसवलं. हा गेम तुझ्या वयासाठी का नाही, ते सांगितलं. मेडिकल चौकातल्या त्या पोलिसाची आठवण दिली. तो म्हणाला, "मी खरं थोडीच करणार होतो." मी म्हटलं, माहीत आहे. थोडा वाद झाला. शेवटी त्याची एकच मागणी होती, मालिबू क्लब पुसायचा नाही. मी बराच विचार केला. मग ते 'युजर फाइल्स'चं फोल्डर एका पेनड्राइव्हवर घेऊ दिलं, आणि तो पेनड्राइव्ह आलमारीत घराच्या कागदपत्रांजवळ ठेवला. अठरा वर्षं पूर्ण झाली की त्याचा. घरी हे ऐकून मुलाचे बाबा म्हणाले, "तू तर पोराला वारसाहक्कच लिहून दिला." काही सहकाऱ्यांना हे लाड वाटले. असतीलही. पण मग संगणकावरचं फोल्डर त्याने स्वतः निवडलं, शिफ्ट आणि डिलीट एकत्र दाबलं, 'येस' वर क्लिक केलं. मी फक्त बाजूला बसले होते. त्यानंतर तो गेम परत आलेला नाही. उन्हाळ्यात भाचा येईल तेव्हा काय होईल, ते बघू.

शाळेतही आपण हेच का शिकवत नाही? संगणकाच्या तासाला आपण काय घेतो? सीपीयू, माऊस, कीबोर्ड यांची चित्रं काढा, नावं लिहा. पेंटमध्ये झोपडी आणि डोंगर. मुलांना प्रोग्रॅम सुरू करता येतो, टाकता येतो, काढता येत नाही, कारण आपल्यालाच येत नाही. माझ्या चौथीच्या वर्गात एका मुलाच्या वहीच्या शेवटच्या पानावर याच गेमचे चीट कोड सुबक अक्षरात लिहिलेले सापडले. इंग्रजीच्या पेपरात पाच शब्दांपैकी तीन चुकवणारा मुलगा, पण 'पँझर' बरोबर, 'लीव्हमीअलोन' बरोबर. 'अ‍ॅस्पिरिन'च्या शेवटी एक जास्तीचा 'ई' होता, मी लाल पेनने गोल करणार होते. नंतर कळलं, गेममध्ये ते तसंच लिहावं लागतं. शिकायची ताकद नाही असं म्हणता येणार नाही. एक तास त्याच्याकडूनच घ्यायचा, गेम कुठे असतो, प्रगती कुठे साठते, नोंद कुठे होते. मग काढायचं कसं ते आपण सांगायचं.

तुमच्या शाळेतल्या संगणकाचं डॉक्युमेंट्स फोल्डर एकदा उघडून बघा. दिवाळीनंतर मी आमच्या शाळेत उघडलं. यादीत गेम नाही, डेस्कटॉपवर आयकॉन नाही, पण 'युजर फाइल्स' तिथे होतंच. आठपैकी सहा जागा भरलेल्या. तारखा बघितल्या, तर आम्ही तिघं शिक्षक निवडणुकीच्या प्रशिक्षणाला गेलो होतो, त्या दोन दिवसांच्या.