शालूची प्रतिष्ठा आणि घुंगरांची मजुरी

शरीर हेच माध्यम आणि स्वतःची ओळख हाच विषय मानणाऱ्या प्रयोगकलेचा महानगरांतील कलादालनांत बराच बोलबाला आहे. स्त्रीत्व व पुरुषत्व निसर्गाने दिलेले नसून समाजाने घडविलेले आहे, असा तिचा दावा असतो. हा दावा चुकीचा नाही. अपुरा मात्र आहे. कोणत्या शरीराला कलेचा मान मिळावा आणि कोणत्या शरीराची सुपारी ठरावी, याचा निर्णय जात आणि वर्ग करतात. त्याचा पुरावा शोधायला परदेशी जाण्याचे कारण नाही. जळगाव-धुळ्याचा रंगमंच आणि फड पाहिला तरी पुरे.

नारायण श्रीपाद राजहंस या मुलाने बालपणी जळगावात मेहबूबखाँ यांच्याकडे गाण्याचे धडे घेतले. १९०५ साली तो किर्लोस्कर नाटक मंडळीत गेला आणि बालगंधर्व म्हणून शकुंतला, भामिनी, रुक्मिणी, सिंधू अशा भूमिकांतून महाराष्ट्राच्या मनावर राज्य करू लागला. त्याचे शालू, त्याची नथ, त्याची चालण्याची लकब यांचे अनुकरण उच्चवर्णीय घरांतील स्त्रिया करू लागल्या. कुलीन स्त्रीने रंगभूमीवर यायचे नाही आणि कुलीन स्त्रीने कसे दिसावे हे मात्र एका पुरुषाने ठरवायचे, असा हा विलक्षण व्यवहार होता. बालगंधर्वांची कला थोर होतीच. १९६४ साली त्यांना पद्मभूषण मिळाले, जळगावात त्यांच्या नावाचे खुले नाट्यगृह आहे, आणि हे यथायोग्यच आहे. प्रश्न त्यांच्या थोरवीचा नाही.

प्रश्न असा की, तीच कला झोपडीतून आली की तिचे नाव का बदलते? तमाशातील नाच्या हाही स्त्रीवेष घेणारा पुरुषच. परंतु चित्रपटांतून नाच्या साकारणाऱ्या गणपत पाटलांच्या वाट्याला खाजगी आयुष्यातही कुचेष्टा आली. आणि फडावर जेव्हा खरीखुरी स्त्री उभी राहिली, कोल्हाटी, मांग, महार अशा जातींतली, तेव्हा तिच्याकडे कलावंत म्हणून न पाहता उपलब्ध शरीर म्हणून पाहिले गेले. खानदेशातल्या यात्रांत रात्री जो गावकरी तिच्यावर दौलतजादा करतो, तोच सकाळी तिला घोटभर पाणी देताना जात विचारत आला आहे.

दोन प्रसिद्ध आख्यायिका शेजारी ठेवून पाहाव्यात. १२ मार्च १९११ रोजी मुलीचा मृत्यू झाला असतानाही बालगंधर्वांनी ‘मानापमान’चा प्रयोग केला. विठाबाई नारायणगावकरांनी ऐन कार्यक्रमात कनातीमागे बाळाला जन्म दिला, दगडाने नाळ तोडली आणि त्या पुन्हा बोर्डावर उभ्या राहिल्या. या दोन्ही कथा कलानिष्ठेची उदाहरणे म्हणून सांगितल्या जातात. पण बाळंतिणीला नाचावे लागणे ही कलानिष्ठा आहे, की रजा, वेतन आणि संरक्षण यांचा अभाव? फड थांबला तर साऱ्या ताफ्याच्या पोटावर पाय येतो. देशात प्रसूतिलाभाचा कायदा १९६१ साली झाला. राहुटीपर्यंत तो पोचलाच नाही. ज्या बाईला राष्ट्रपतिपदक मिळाले, तिची अखेरची वर्षे हलाखीत गेली. २००२ साली ती वारली आणि पुढे शासनाने तिच्या नावाने पुरस्कार सुरू केला. कलावंताला जिवंतपणी पोसण्यापेक्षा मेल्यावर गौरविणे प्रस्थापितांना नेहमीच स्वस्त पडते.

शासनाची नीतीही वर्गनिरपेक्ष नाही. २००५ साली महाराष्ट्रात डान्सबारवर बंदी आली, तेव्हा तारांकित हॉटेलांना सूट देण्यात आली. म्हणजे गरिबासमोरचे नृत्य अश्लील आणि धनिकासमोरचे सुसंस्कृत! सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली ही बंदी अवैध ठरविली; तोवर हजारो स्त्रियांची उपजीविका गेली होती. त्यांना पर्यायी काम कोणी दिले?

आपल्याच चळवळीतील काही मंडळी तमाशाला सरंजामी अवशेष म्हणून झटकून टाकतात. दौलतजादा सरंजामी आहे यात शंका नाही. परंतु नाचणारी स्त्री सरंजामदार नव्हे, ती श्रमिक आहे. अमळनेरच्या गिरणी कामगारांत वावरणाऱ्या आणि १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबांची गीताप्रवचने टिपून घेणाऱ्या साने गुरुजींनी १९४७ साली पंढरपुरात प्राण पणाला लावले, ते अस्पृश्य मानलेल्या माणसाला विठ्ठलाच्या पायापर्यंत जाता यावे म्हणून. शरीराची प्रतिष्ठा हा त्या उपोषणाचा गाभा होता. तो वारसा सांगणाऱ्यांना फडावरच्या स्त्रीकडे पाठ फिरविता येणार नाही.

म्हणून जळगाव-धुळे जिल्ह्यांतील कार्यकर्त्यांनी यात्रा समित्या आणि ग्रामपंचायतींपुढे स्पष्ट मागण्या मांडाव्यात: सुपारीचा लेखी करार, प्रत्येक कलावंताच्या हाती थेट मजुरी, मुक्कामाच्या जागी पाणी व शौचालय, बाळंतपणाची सवेतन रजा, मुलांच्या शाळेची सोय आणि वृद्धापकाळी नियमित मानधन. कलादालनातील कलावंताला ‘मी कोण?’ हा प्रश्न विचारण्याची सवड आहे. फडावरच्या बाईला तो प्रश्न पडत नाही असे नाही. तिला आधी उद्याच्या भाकरीचे उत्तर शोधावे लागते. ती भाकर हक्काची करणे हेच समाजवाद्यांचे काम आहे.