हजर नव्हतो म्हणून जमीन त्याची झाली का?

"अर्जदार गैरहजर. पाठपुरावा नाही. अर्ज निकाली." एवढंच लिहून आपल्या जमिनींचे वर्षानुवर्षं पडलेले अर्ज काढून टाकले जात आहेत. बाकीची प्रकरणं कमी दाखवायची हा सोपा रस्ता झाला आहे.

आमचं म्हणणं असं की हा निकालच नाही. जमीन कुणाची, आदिवासीच्या हातून ती कशी गेली, खरेदीखत खरं का खोटं, यातलं काहीच तपासलं नाही. पुकारा झाला तेव्हा दारात कोण होतं, एवढंच बघितलं.

इतकी वर्षं आम्ही हजरच होतो. कधी साहेब दौऱ्यावर, कधी समोरच्याने मुदत मागितली, कधी फाईल सापडत नाही. तेव्हा कुणावर कारवाई झाली नाही. आम्ही रोजी बुडवून, एसटीचं भाडं भरून नुसती पुढची तारीख घेऊन परत आलो. एकदा आलो नाही तर सगळं संपलं! दिवाळीनंतर अर्धा पाडा वीटभट्टीवर असतो. बंद झोपडीला चिकटवलेली नोटीस कोण वाचणार? अर्जदार मेला तरी नोटीस त्याच्याच नावाने निघते, वारसाला पत्ता नाही. तारीख लांबली तर ताबेदाराचं काय जातं? पीक तोच नेतो.

आदिवासींच्या जमिनी परत देण्याचा १९७४ चा कायदा काय सांगतो? १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात बिगर आदिवासीकडे गेलेल्या जमिनीची चौकशी कलेक्टर स्वतःहून करू शकतो. या चौकशीत वकिलाला मनाई आहे. सुप्रीम कोर्टाने १९८४ साली हा कायदा योग्य ठरवला. मग जी चौकशी अर्जाशिवाय सुरू होऊ शकते, ती अर्जदार आला नाही म्हणून बंद कशी होते?

दिवाणी कोर्टात वकील असतो, पण तोच येत नाही. वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला नको, असं सुप्रीम कोर्टाने १९८१ सालीच म्हटलं आहे.

म्हणून आमची मागणी: नोटीस पाड्यावर येऊन वाचून दाखवा. वारसांची नावं लावा. त्याशिवाय एकही अर्ज काढू नका. काढलेले परत चालू करा.

आपणही गप्प बसायचं नाही. दिवाणी दावा गैरहजेरीत काढला तर ३० दिवसांत परत चालू करायचा अर्ज देता येतो. उशीर झाला तर कारण लिहून माफी मागता येते. रोजनाम्याची नक्कल काढा. आदिवासीला उत्पन्न न बघता सरकारी खर्चाने वकील मिळतो, तो मागा. तारखेला एकट्याने जाऊ नका.

पुढच्या बैठकीला प्रत्येक पाड्याने जुने अर्ज, पावत्या, नोटिसा घेऊन यावं. यादी करू, आणि ती घेऊन सगळे मिळून प्रांतसाहेबांकडे जाऊ. त्या दिवशी आम्ही गैरहजर होतो असं कुणाला लिहिता येणार नाही.

जिंदाबाद!