पावती मागा, हकीमसाहेब!

आमच्या मोहल्ल्यातले हकीमसाहेब सत्तरी ओलांडलेले. तिब्बिया कॉलेजात शिकलेले. राज्याच्या नोंदवहीत त्यांचं नाव आहे, प्रमाणपत्र भिंतीवर टांगलेलं आहे. मागच्या महिन्यात दोघेजण दवाखान्यात शिरले, "ऑफिसातून आलोय" म्हणाले, माजून आणि सफूफाच्या अकरा बरण्या पिशवीत भरल्या आणि "लायसन्स नाही तुमच्याकडे, येऊन भेटा" असं सांगून निघून गेले. शाळेतून येताना मी थांबलो. विचारलं, "पावती दिली का?" हकीमसाहेब हसले. "मास्टर, सरकारकडून पावती कोण मागतं?"

त्या हसण्याचाच मला राग आला. दारात अधिकारी उभा राहिला की आपला हात आधी खिशाकडे जातो, कायद्याकडे जात नाही.

कायदा काय म्हणतो? औषधे व सौंदर्यप्रसाधने अधिनियम, 1940. विक्रीसाठी युनानी औषध बनवायचं तर परवाना लागतो, हे खरंच. पण कलम 33ईईसीच्या परंतुकात साफ लिहिलं आहे की स्वतःच्या रुग्णांसाठी औषध तयार करणाऱ्या वैद्य-हकिमांना ते कलम लागू नाही. तपासणीचा अधिकार निरीक्षकाला आहे, पण तो मोकाट नाही. कलम 23 प्रमाणे त्याने नमुन्याची रास्त किंमत देऊ करायची, हेतू लेखी कळवायचा, माल जप्त केला तर विहित नमुन्यात पावती द्यायची आणि न्यायदंडाधिकाऱ्यांना कळवायचं. कलम 33एचने हीच बंधनं युनानी औषधांच्या तपासणीलाही घातली आहेत. मग ती पिशवी कुठल्या कलमात बसते?

हमदर्द दवाखान्याचा खटला आठवा. आक्षेपार्ह जाहिरातींविरुद्धचा 1954 चा कायदा हमदर्दने सर्वोच्च न्यायालयात नेला. डिसेंबर 1959 मध्ये निकाल लागला. रोग बरा करण्याच्या जाहिराती रोखणं न्यायालयाने योग्य ठरवलं. पण कसलंही संरक्षण न ठेवता वाटेल ते जप्त करण्याचा अधिकार देणारी तरतूद रद्द केली. दोन्ही गोष्टी एकाच निकालात आहेत. आपण पहिली विसरतो, साहेबलोक दुसरी विसरतात.

आता आपल्या घरातलं बोलू. "आमचं खानदानी आहे" म्हणत, ना पदवी ना नोंदणी, तरी दवाखाना थाटणारे आपल्यात कमी नाहीत. महाराष्ट्रात 1961 च्या अधिनियमाने नोंदणीशिवाय व्यवसायाला मनाई आहे. केरळमधल्या पारंपरिक वैद्यांनी हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयात नेला होता. 2018 साली ते हरले. वडिलांकडून शिकलो एवढ्याने व्यवसायाचा हक्क मिळत नाही. मला हा निकाल पटतो. व्यवसायाचं स्वातंत्र्य संविधानाने दिलं, त्यावर वाजवी निर्बंधही त्याच कलमात ठेवले. पुडीत स्टेरॉइड मिसळून "जडीबुटी" म्हणून विकणाऱ्याच्या बाजूने मी उभा राहणार नाही, तो माझा नातलग असला तरी.

पण म्हणूनच नोंदणी असलेल्या हकिमाने घाबरायचं कारण नाही. भोंदू आणि हकीम यांत फरक करणारा कागद त्याच्याकडे आहे. तो भिंतीवर नुसता टांगून ठेवला तर दोघेही एकाच तराजूत तोलले जातात, आणि हप्ता मागणाऱ्याला तेच हवं असतं.

मित्रहो, एवढंच करा. नोंदणी चालू ठेवा. रुग्णांची वही ठेवा, म्हणजे औषध कोणासाठी बनवलं ते दाखवता येईल. आलेल्याचं ओळखपत्र पाहा. पावती मागा. नाही दिली तर त्याच दिवशी लेखी तक्रार करा.

हकीमसाहेबांचा अर्ज मी मराठीत लिहिला, सही त्यांनी उर्दूत केली. बरण्या अजून परत आलेल्या नाहीत. अर्जाची पोच मात्र शिक्क्यासकट मिळाली. ती त्यांनी प्रमाणपत्राशेजारी लावली आहे.