लार्सनसाहेबांचं ऑनसाइट

आपल्या आयटीवाल्यांसाठी ऑनसाइट म्हणजे भारताबाहेर. हेनिंग होल्क-लार्सन उलटे आले. कोपनहेगनची एफ. एल. स्मिथ ही सिमेंटची यंत्रं बनवणारी कंपनी. तिच्या कामासाठी हे केमिकल इंजिनिअर मुंबईत आले आणि राहिलेच. सोबतीला त्याच कंपनीतले सिव्हिल इंजिनिअर सोरेन टुब्रो. बेत म्हणे माथेरानच्या सुट्टीत शिजला (आपल्याला तिथे फक्त चिक्की सुचते!). १९३८ साली दोघांनी 'लार्सन अँड टुब्रो' सुरू केली. ऑफिस एवढंसं, की एका वेळी एकालाच बसता यायचं.

सुरुवातीला दोघे निव्वळ एजंट होते, बरं का. डेन्मार्कहून डेअरीची यंत्रं आणून इथे विकायची. थोडक्यात आजचं आपलं निम्मं आयटी: प्रॉडक्ट दुसऱ्याचं, सपोर्ट आपला. मग युद्ध सुरू झालं. एप्रिल १९४० मध्ये जर्मनीने डेन्मार्क घेतला आणि माल बंद! या दोघांनी छोट्याशा वर्कशॉपमध्ये डेअरीची यंत्रं स्वतःच बनवायला घेतली, जहाजांची दुरुस्तीही केली. टाटांचा सोडा अ‍ॅशचा कारखाना उभारणारे जर्मन इंजिनिअर नजरकैदेत गेले, तर ते कामही अंगावर घेतलं.

कोणी म्हणेल, युद्धामुळे फावलं. फावलंच. पण मला विचाराल तर खरी गंमत युद्धानंतरची आहे. १९४५ मध्ये त्यांना कॅटरपिलरची यंत्रं विकण्याचा करार मिळाला. म्हणजे पुन्हा एजन्सी, आरामात कमिशन खात बसायचं. तरीही १९४८ मध्ये त्यांनी पवईत ५५ एकर जमीन घेतली. तेव्हा तिथे दलदल आणि जंगल होतं.

आमच्याकडे 'स्वतःचं प्रॉडक्ट काढूया' म्हटलं की ठरलेलं उत्तर येतं: बिलिंग चालू आहे ना, मग कशाला? अहो, बिलिंग त्यांचंही चालू होतं. मला राग येतो तो याचाच. पैसा आणि माणसं असूनही आपण एजंटगिरीतच खूष आहोत, आणि त्याला वर 'मॅच्युअर बिझनेस मॉडेल' म्हणतो.

असो. मी देवनारला राहतो, ट्रॉम्बेचं अणुसंशोधन केंद्र शेजारीच. देशातल्या अणुभट्ट्यांची अवजड उपकरणं पुढे पवईच्या त्याच दलदलीवर घडली. लार्सनसाहेब १९७८ पर्यंत चेअरमन होते. २००२ मध्ये त्यांना पद्मभूषण मिळालं आणि पुढच्याच वर्षी, ९६ व्या वर्षी, ते गेले. ऑनसाइटला आलेला हा माणूस साठेक वर्षं इथलाच होऊन राहिला होता.